पोटगीत आलेली म्हैस

आमच्या सुमनताईचं सांगतो. दुष्काळाचं साल होतं आणि तिच्या घटस्फोटाची केस बीडच्या कोर्टात चालू होती. निकाल लागेपर्यंत नवऱ्यानं पोटगी द्यावी, असा ताईचा अर्ज होता.

नवरा म्हणाला, "साहेब, शेत करपलं. एक म्हैस हाय फक्त, तीबी चारा छावणीत."

"मग म्हैसच द्या," ताई म्हणाली. "माझ्याबिगर ती कुणाला धार काढू देत न्हाई."

साहेबांनी नवऱ्याकडं पाहिलं.

"खरं हाय," तो खाली बघत म्हणाला. "न्या."

तशी तडजोड झाली आणि मी म्हैस तलवाड्याला आमच्या घरी आणली. माहेरी अंग चोरून राहणारी ताई दुसऱ्या दिवशी दूध सोसायटीत स्वतःच्या नावानं दूध घालून आली. मग कुणालाही न विचारता तिनं आम्हा सगळ्यांना निव्वळ दुधाचा चहा पाजला.