रेमी विश्वविजेता नव्हता

सन्माननीय अध्यक्ष प्रल्हादकाका, आजच्या कार्यक्रमाचे प्रायोजक शैलेंद्रजी, मंडळाच्या सचिव सुनेत्राताई, आजचे सत्कारमूर्ती आणि माझे कोच रेमी, शनिवारची आर्व्हो, म्हणजे आपली दुपार, सोडून सिडनीतल्या वेंटवर्थव्हिलच्या या हॉलमध्ये आलेले सर्व काका-काकू, ताई-दादा, आणि मागच्या रांगेत फोनवर क्रिकेट बघत बसलेली माझी मित्रमंडळी, आपणा सर्वांना माझा नमस्कार.

मी गंधार. ओळखत नसाल तर सांगतो. मेन स्ट्रीटच्या दुकानांमागे जी बॉक्सिंग जिम आहे, तिथे लादी पुसतो, ओले ग्लव्हज वाळत घालतो, आणि रेमी फाइट्स खेळायचा तेव्हा त्याच्या कोपऱ्यात बादली आणि टॉवेल घेऊन उभा राहायचो. युनिला शिकायला आलो होतो, ते पूर्ण झालं नाही. मग मिल्डुराला संत्री तोडली. संत्रं ओढून तोडायचं नसतं, पिरगाळून तोडायचं असतं, हे तिथे कळलं. त्यानंतर हॅरिस पार्कच्या हॉटेलांत भांडी घासली, मग डार्विनला एका बोटीवर... ते जाऊ द्या, बोटीचं इथे काही काम नाही.

सुनेत्राताईंनी मला सकाळीच बजावलंय, "पाच मिनिटं बोल, आणि गोड बोल." ताई, पाच मिनिटांचा प्रयत्न करतो. गोडाचं मात्र आज जमणार नाही.

हा मागचा बॅनर बघा. किती सुंदर अक्षर आहे. 'माजी विश्वविजेते मुष्टियोद्धे रेमी व्होक्लँ यांना मेलबर्नच्या अखेरच्या लढतीसाठी शुभेच्छा आणि मायदेशी परतताना प्रेमाचा निरोप.' व्होक्लँ बरोबर लिहिलंय, याचं मला खरंच कौतुक आहे. मायदेश बरोबर आहे, प्रेमही आहे. आता मला सांगा, विश्वविजेते कुठून आलं?

तर त्याचा उगम मला ठाऊक आहे. मागच्या गणपतीत रेमीला पाहुणा म्हणून बोलवायचं ठरलं, कारण आपली बरीच पोरं त्याच्याकडे शिकतात. परिचय लिहायला ताईंनी मला फोन केला. "गंधार, त्याचं टायटल काय रे?" मी म्हटलं, "ताई, टायटल असं काही नाही. फार पूर्वी उत्तर फ्रान्समध्ये एक प्रादेशिक बेल्ट होता, वर्षभर." ताई म्हणाल्या, "छान." परिचयात ते झालं 'फ्रान्सचे विजेते'. व्हॉट्सॲपवर पोचेपर्यंत झालं युरोप. आणि त्या दिवशी प्रल्हादकाकांनी माइक हातात घेतला तेव्हा सगळं जग जिंकून झालं होतं. काका खाली उतरल्यावर मी त्यांना गाठलं. काका काय म्हणाले, आठवतंय काका? म्हणाले, "अरे, स्टेजवर बसवायचा माणूस म्हणजे जरा वजन नको का? बिघडतंय कुणाचं?"

बिघडतंय कुणाचं, हेच आज सांगायला उभा आहे.

आपल्याकडे ही रीतच आहे. पाहुण्याचा परिचय म्हणजे त्याला दोन इंच उंच करायचं. बँकेत असला की बँकिंग तज्ज्ञ, चार गाणी म्हणत असला की सुप्रसिद्ध गायक. पाहुणा लाजतो, नको नको म्हणतो, घरी जाऊन विसरतो. पण रेमी आपल्यातला नाही. त्याला ही रीत माहीत नाही. त्याने ते खरं धरलं.

बघा, नाव घेतलं की कसा हसतोय. मराठीतलं त्याला एवढंच कळतं, की नाव आलं की मान हलवायची. फेटा छान बसलाय. म्हणून तर मी मराठीत बोलतोय. जे बोलणार आहे ते आधी तुम्ही ऐका.

रेमीची खरी कारकीर्द सांगतो, ती कुठल्याच बॅनरवर मावली नसती. गाव रुबे, बेल्जियमच्या हद्दीजवळ. कापडाच्या गिरण्या होत्या, त्या बंद पडल्या. बाप बस चालवायचा. पोरगा एकोणिसाव्या वर्षी प्रोफेशनल झाला, सुरुवातीला जिंकला, तो बेल्ट मिळाला, मग दोन फाइट्स लागोपाठ हरला आणि त्याच्या मॅनेजरने फोन उचलणं बंद केलं. पुढे त्याला एक वेगळं काम मिळालं. बॉक्सिंगमध्ये त्याला ओपोनंट म्हणतात. म्हणजे असं, की प्रत्येक शहरात एक लाडका पोरगा असतो. तिकिटं त्याच्या नावावर खपतात. त्याला समोर कुणीतरी लागतं. ते कुणीतरी बाहेरगावचं हवं, दिसायला दणकट हवं, पडायला घाई न करणारं हवं आणि शेवटी हरणारं हवं. रेमी तो माणूस. बुधवारी फोन यायचा, शनिवारी फाइट. हॅम्बुर्ग, कोपनहेगन, मनिला, अल्माटी. सगळीकडे पाहुण्यांचा कोपरा, सगळीकडे त्याच्या नावाला हुर्यो. जिंकला त्याच्या दुप्पट हरला.

मी एकदा विचारलं, "तुला सांगायचे का, हर म्हणून?"

म्हणाला, "कुणी काही सांगत नाही, मेट. तू जिंकलास तर पुन्हा फोन येत नाही, एवढंच."

आणि एकदा तो जिंकला. पर्थला. समोरचा पोरगा तिथला हिरो, त्याचं अख्खं खानदान पहिल्या रांगेत. चौथ्या राउंडला रेमीने त्याला लिव्हरवर असा एक दिला की पोरगा गुडघ्यावर बसला तो उठलाच नाही. रेमी सांगतो, हॉलमध्ये इतकी शांतता झाली की पोराची आजी रडताना ऐकू येत होती. मग आठ महिने फोन नाही. त्या आठ महिन्यांत तो सिडनीत येऊन राहिला, जिममध्ये शिकवायला लागला आणि आपल्या नशिबी आला. म्हणजे तुमची पोरं ज्याच्याकडे शिकतात, तो हरल्यामुळे इथे आलेला नाही. जिंकल्यामुळे आलाय. ही गोष्ट परिचयात घालावीशी कुणाला वाटली नाही. का नाही? हरलेल्या माणसाला शाल घालताना आपले हात आखडतात का?

काका, चिठ्ठी नका पाठवू. मला दिसतंय घड्याळ.

या माणसाने तुमच्या पोरांना काय शिकवलं ते विचारा जरा. मंजिरीकाकूंची उर्वी इथेच बसली आहे, बारा वर्षांची. शाळेत तिला तिघी मिळून छळत होत्या. काकूंना वाटलं, कोच ठोसे शिकवेल. रेमीने तिला दोन महिने ठोसा मारूच दिला नाही. फक्त मागे कसं सरायचं आणि तोल कसा सोडायचा नाही, एवढंच. मी उर्वीला विचारलं, "कंटाळा नाही आला?" ती म्हणाली, "He says anyone can hit. He says stay standing, they get bored first." आणि त्या तिघी खरंच कंटाळल्या. हे शिकवायला विश्वविजेता लागत नाही. हे विश्वविजेत्याला येतही नसेल कदाचित. ज्याने पंधरा वर्षं परक्या गावात उभं राहून मार खाल्लाय, त्यालाच हे येतं.

तर त्या गणपतीच्या दिवशी काय झालं. तुम्ही सगळे उभे राहिलात. टाळ्या थांबेनात. पोरं सही घ्यायला रांगेत. गाडीत बसल्यावर फेटा मांडीवर ठेवून रेमीने मला विचारलं, "तो माइकवाला माझ्याबद्दल काय बोलला?" मी सांगितलं. मला वाटलं, हसेल. तो पॅरामाटापर्यंत फेट्याच्या कडेवरून बोट फिरवत राहिला. मग म्हणाला, "Don't correct him."

एवढंच. त्याला दुरुस्त करू नकोस.

दुसऱ्या दिवसापासून तो पहाटे पळायला लागला. त्याला आयुष्यात पहिल्यांदा एका हॉलने उभं राहून टाळ्या दिल्या होत्या आणि त्या टाळ्या त्याला फेडायच्या होत्या. शैलेंद्रजी, तुम्ही त्यानंतर महिन्याभराने आलात. मेलबर्नच्या शोमध्ये तुमची भागीदारी आहे, मला मान्य आहे, धंदा आहे. तुम्ही त्याला म्हणालात, "चॅम्प, एक लास्ट फाइट. आपले लोक येतील." आणि पोस्टरवर आमच्या मंडळाचेच शब्द छापलेत. माजी विश्वविजेता. तिथल्या टार्निटहून आपली कुटुंबं गाड्या भरून येणार आहेत. समोर चोवीस वर्षांचा पोरगा आहे, अजून एकही फाइट न हरलेला. म्हणजे पुन्हा तेच. पुन्हा लाडका पोरगा, पुन्हा रेमी समोर. फरक एवढाच, की या वेळी हुर्यो करणारे परके नाहीत, टाळ्या वाजवणारे आपण आहोत, आणि त्याला वाटतंय की तो जिंकायला चाललाय.

मी तुमच्याशी भांडलो होतो शैलेंद्रजी, पार्किंगमध्ये. तुम्ही म्हणालात, "नो वरीज यार, वो खुद तैयार है. मेडिकल होणारच आहे ना, डॉक्टर बघतील."

डॉक्टर बघतील. बरं. आता जे सांगतो ते ऐका, आणि कृपा करून व्हिडिओ बंद करा.

रेमीच्या डाव्या डोळ्याचा पडदा दोन वर्षांपूर्वी सुटला होता. ऑपरेशन झालं, मीच गाडीने नेलं होतं. डॉक्टरांनी स्पष्ट सांगितलं, आता एक नीट बसलेला ठोसा, आणि हा डोळा गेला. म्हणून त्याने खेळणं सोडलं. जाहीर केलं नाही, कारण ओपोनंटची निवृत्ती कोण जाहीर करतो? नुसते फोन घेणं बंद केलं. डाव्या बाजूने कुणी आलं तर त्याला दिसत नाही. म्हणून जिममध्ये तो कायम भिंत डावीकडे ठेवून उभा राहतो. तुमची पोरं समजतात, ती त्याची स्टाइल आहे.

आणि गेले काही दिवस तो दोरीवर उड्या मारताना तोंडातल्या तोंडात इंग्रजी अक्षरं म्हणतोय. पुन्हा पुन्हा, त्याच क्रमाने. मला आधी कळलं नाही. मग कळलं. तो डोळे तपासायचा तक्ता पाठ करतोय. वेगवेगळे तक्ते, नेटवरून काढून. मंगळवारी मेलबर्नला मेडिकल आहे. उजवा डोळा झाकतील, तेव्हा तो वाचणार नाही, पाठ केलेलं म्हणणार आहे. अडतीस वर्षांचा माणूस, अभ्यासाला बसलाय. कुणाच्या परीक्षेसाठी? आपल्या बॅनरच्या.

मला राग कुणाचा येतोय, ते मलाच नीट सांगता येत नाही. ताईंचा येतो, पण ताई त्याच्यासाठी दर आठवड्याला डबा पाठवतात. काकांचा येतो. शैलेंद्रजींचा तर येतोच, त्यात लपवण्यासारखं काही नाही. आणि त्याचा येतो, समोर बसून हसतोय त्याचा. तो मूर्ख नाही. त्याला माहीत आहे. पंधरा वर्षं जो नाव नसलेला माणूस म्हणून जगला, त्याला कुणी नाव दिलं तर तो डोळा देऊन टाकेल, हे आपल्याला कळायला हवं होतं. आपणही परदेशात राहतो ना? कुणीतरी आपल्याला मोठं म्हणावं म्हणून आपण काय काय करतो, ते काय मी सांगायला हवं?

आज माझी मागणी एकच आहे. मंडळाने हा पाठिंबा काढून घ्यावा. पोस्टरवरचे शब्द चुकीचे आहेत, असं अध्यक्षांनी आजच्या आज शैलेंद्रजींना सांगावं. ज्यांनी मेलबर्नची तिकिटं काढली आहेत त्यांनी जाऊ नये. मंडळाने नाही केलं तर मंगळवारच्या आधी मी स्वतः त्या मेडिकलच्या डॉक्टरांना फोन करणार आहे. शैलेंद्रजी, तुम्ही मान हलवू नका, मी कळवून करतोय.

हा विश्वासघात आहे, मला कळतं. त्याची गोष्ट त्याने फक्त मला सांगितली होती आणि ती मी भर हॉलमध्ये फोडली. पण मला कोपऱ्यात उभं राहायला त्यानेच शिकवलं. टॉवेल टाकून फाइट कधी थांबवायची, हे मी विचारलं तेव्हा म्हणाला होता, "तुला वाटेल त्याच्या एक राउंड आधी. बॉक्सर तुला शिव्या देईल, महिनोन्महिने बोलणार नाही. देऊ दे. तो खुश असेल असा टॉवेल टाकलास, म्हणजे उशीर झालाय."

मंडळाने मला बोलायची संधी दिली, याबद्दल अध्यक्षांचे, सुनेत्राताईंचे आणि स्वयंपाकघरात पुऱ्या तळत थांबलेल्या सगळ्यांचे मनापासून आभार. पुऱ्या गार होतील, त्याबद्दल दिलगीर आहे. वडीलधाऱ्यांपुढे आवाज चढला असेल, कुणाचं मन दुखावलं असेल, भाषेत काही कमी-जास्त झालं असेल, तर पोर समजून पोटात घाला.

फक्त अजून कुणी जेवायला उठू नका. माझं अर्धंच झालंय. आता हे सगळं, अगदी डोळ्यासकट, मी त्याला इंग्रजीत सांगणार आहे, कारण तो सोडून सगळ्यांना कळलंय. प्रल्हादकाका, तुम्ही जरा खुर्ची सरकवता? मला त्याच्या उजव्या बाजूला बसायचंय.