दोन भावांचा एक

—नाही बाई, तसं नाही, तुमच्या वडिलांशी, फिर्मांशी, माझं काही वाकडं नव्हतं, त्यांना तर मी आयुष्यात पाहिलेलंही नाही. बसा ना. पहाटेच्या गाडीनं पॅरिसला आलात म्हणजे पोटात काही नसणार — कॉफी तरी घ्या. हे बघा, मी पटकथा लिहायचो, चाळीस वर्षं लोकांच्या कादंबऱ्या कापून-शिवून सिनेमे केले. तीनशे पानं दीड तासात बसवायची, तर माणसं कमी करावीच लागतात. दोन मावश्या असल्या की एक करायची — सगळेच करतात. तुमच्या गावच्या शाळेतल्या बेर्तबाईंच्या कादंबरीत दोन भाऊ होते, खरेही दोनच — थोरला, म्हणजे तुमचे वडील, पाव भाजणारा. धाकटा, लढाईच्या काळात रानात गावची पोरं लपलीत हे जर्मनांना जाऊन सांगणारा. मी दोघांचा एक केला, एवढंच.

मग चुगली करणाऱ्याला पाववालाच का केला? — हेच विचारायला आलात ना? सांगतो. धाकटा नुसता हिंडायचा, त्याला काही कामधंदाच नव्हता. आणि पीठ पडद्यावर फार छान दिसतं. पिठानं माखलेले हात, त्याच हातांनी तो जर्मनांच्या कचेरीचं दार ढकलतो, दारावर पांढरे ठसे राहतात — लोकांनी टाळ्या वाजवल्या, बाई. बक्षीस मिळालं. सांगायला लाज वाटते, पण त्या ठशांवर मी अजून खूश आहे.

जुन्या माणसांना ठाऊक होतं खरी चुगली कोणी केली ते. पण ज्यांनी लढाई पाहिली नव्हती त्यांनी सिनेमा पाहिला, हे खरं. वीस वर्षं लोक तुमच्याकडचा सोडून शेजारच्या गावाहून पाव आणतात? मला कल्पनाच नव्हती. म्हणजे, अगदीच नव्हती असं नाही — बेर्तबाईंचं पत्र आलं होतं, पण तोवर सिनेमा थेटरात लागलेला, मी काय करणार, माझे हात बांधलेले. फार कळवळून लिहिलं होतं त्यांनी — फिर्मांनंच त्या पोरांना चोरून पाव पोचवला, त्याला गावात तोंड दाखवायला जागा राहणार नाही, दोघांना वेगळं करा, अजून वेळ आहे—

…

हो. अजून वेळ आहे, असंच लिहिलं होतं. चित्रीकरणाला दोन महिने होते, पटकथा वाचूनच लिहिलं होतं त्यांनी. मी वाचलं आणि खणात टाकलं. ते ठसे सोडवत नव्हते मला.

रविवारी गावात तोच सिनेमा दाखवतायत, वडील अंथरुणाला खिळलेत, त्यांचे डोळे मिटायच्या आत मी येऊन दोन शब्द बोलावेत — कळलं मला. मी येणार नाही. त्या लोकांसमोर उभं राहायची हिंमत नाही माझ्यात. हे घ्या, हे ते पत्र. वर तारीख आहे. सिनेमा सुरू व्हायच्या आधी सगळ्यांसमोर मोठ्यानं वाचा, आणि हे मला वेळेवर मिळालं होतं तेही सांगा, माझं नाव घेऊन सांगा. — नाही, वडिलांना माझ्याकडून माफीबिफी काही सांगू नका, इतकी वर्षं मागितली नाही ती. आता उठा, बाई. मी ते पत्र परत मागायच्या आत जा.