पाटलाच्या आज्याला दोन ल्योक

आधी एक सांगा मास्तर, तुमी उतरलात कुठं? पाटलाच्या ओटीवर ना? मला ठावं हाय. सकाळीच पोरं बोलली, कर्जतचा मास्तर आलाय, कागद-शाई घेऊन, गावोगावचा इतियास लिवतोय, पाटलाकडं जेवला आन् आता म्हातारीकडं येतोय. राग मानू नका, पण इचारायला येणाऱ्या माणसाचं मला भ्या वाटतं. मागं मोजणीवाला आला, तो बी असाच गोड बोलत बसला, ही खाचरं कोणाची, हा माळ कोणाचा, आन् लिवून नेलं ते भलतंच. प्लेगाच्या साली आले ते बी इचारतच आले, घरात कोणाला ताप हाय का, आन् माणसं उचलून गावाभाईरच्या छपरात नेऊन टाकली. तवापासनं दारात कोणी बसला, की आधी मी त्याचे हात बघते, कागद हाय का.

बसा, उभे नका राहू. मी मूळची लोधिवलीकडची, लगीन होऊन हिकडं आले, कर्जत-नेरळच्या मधी. माझी सासू धवलारीण. आता भट येतो, मंगलाष्टकं म्हणतो, जातो. पण हळद लावायच्या आधी गाणी म्हणून देवांना आन् घरातल्या मेलेल्या माणसांना लगनाला बोलवायचं, ते काम धवलारणीचं. एकेकाचं नाव घेऊन हाक मारायची. ज्याचं नाव घेतलं त्याच्या वंशातला जो जिता असंल त्यानं मांडवात उठायचं, हाय म्हणायचं, आन् मेलेल्याच्या नावानं पान वाढायचं. कोणी उठला नाय तर समजायचं वंश बुडाला. आन् नावच घेतलं नाय तर समजायचं, असा माणूस त्या घरात जल्मालाच आला नव्हता.

सासूनं मला नावं शिकवली ती भात कांडताना. मुसळ वर गेलं की ती नाव टाकायची, खाली आलं की मी म्हणायची. मधीच मुद्दाम चुकीचं सांगायची, मी तेच म्हणलं की दंडाला असा चिमटा, अजून आठवतोय. म्हणायची, पोरी, मी सांगितलं म्हणून खरं धरू नको, दुसऱ्या घरी इचार, त्या घरच्या माहेरवाशिणीला इचार, मंग धर. काय सांगू तुमाला, माझा हा संशयी सुभाव तिनंच केला, आन् मला त्याची लाज नाय.

आता तुमी बोललात, पाटलानं सांगितलं की त्याच्या आज्याला एकच ल्योक, धर्मा, म्हंजे आताच्या पाटलाचा बाप. हे ऐकलं आन् माझ्या हातातला इडा हातातच राहिला. दोन ल्योक होते, मास्तर. थोरला राघो, धाकला धर्मा. घाटात आगगाडीचं काम निघालं तवा राघो दगड फोडायला गेला. घरची खाचरं असताना का गेला? कोण म्हणतो हौस, मला इचाराल तर त्याला धाडला. पण ते मी डोळ्यांनी बघितलं नाय, तवा लिवू नका. घाटात पटकी आली, माणसं पटापट मेली, राघो परत आला नाय. त्याचा जोडीदार आला, तो बोलला राघोला मीच मातीत ठेवला. राघोची बायको चांगुणा, मांडीवर ल्योक महादू. धर्मा तिला म्हणला, याचं काय खरं, भाऊ जिता असंल, येईल, तवर म्हायेरी जाऊन रहा. ती शेलूला भावाकडं गेली ती गेलीच. आन् मोजणीवाला आला तवा धर्मा त्याला काय बोलला? मी एकला, समदी खाचरं माझी.

मधल्या वर्सांत त्या घरात लगीन नव्हतं. मंग धर्माच्या ल्योकाचं, म्हंजे आताच्या पाटलाचं निघालं. सासू तवा गेलेली, हाक मारायची मी. धर्मा स्वता माझ्या दारात आला, हातात नवं लुगडं. आता लुगडं लगीन झाल्यावर देतात, आधी कोण देतो? मी हात लावला नाय, म्हणलं ठेवा तिथं. तो भाताचं बोलला, म्हशीचं बोलला, आन् उठता उठता म्हणतो, राघोचं नाव नको घेऊ, तो मेला का जिता हाय आमाला काय ठावं, जित्या माणसाला मेलेल्यांत बोलावणं अशुभ. बघा कसा बोलला. वहिनीला घालवायला भाऊ जिता, नाव गाळायला बी भाऊ जिता, मंग मोजणीच्या येळेला कुठं गेला होता हा जिता भाऊ?

मला भ्या वाटलं नाय असं नाय. पाटील तो, आमच्या खाचरांचं पाणी त्याच्या बांधावरनं येतं. माझा नवरा बोलला, एक नाव गाळलंस तर काय आभाळ कोसळतंय? मी म्हणलं, तुमचं गाळलं तर? 

हळदीच्या दिवशी सकाळीच मांडव भरला. मी देव बोलावले. धर्माचा पणजा बोलावला, तो उठला, हाय म्हणला, पान वाढलं. आजा बोलावला, धर्मा उठला. बाप बोलावला, तवा बी उठला. मंग मी राघोचं नाव घेतलं.  धर्मा खाली बघत बसला. महादूला आवतनच नव्हतं, तो शेलूला. मी पुन्यांदा हाक मारली. कोणी हलंना. आन् तवा माझ्या ध्यानात आलं, आता कोणी उठला नाय तर समद्या पाव्हण्यांसमोर माझ्याच तोंडानं राघोचा वंश बुडाला. 

तवा आतल्या दारातनं बायजा आली, राघो-धर्माची आय. इतकी वर्सं ती म्हातारी धाकल्याच्या घरात खाली मान घालून जेवली, थोरल्याचं नाव तिच्या तोंडातनं कोणी ऐकलं नव्हतं. बाईमाणसानं उठायची रीत नाय. तरी कुडाला धरून मांडवात आली आन् बोलली, हाय. राघोचा ल्योक शेलूला हाय. त्याला आणल्याबगार या घरात हळद लागायची नाय.

धर्मा उठला, परत बसला. जाणती माणसं म्हणाली, आय बोलली, आता आमी काय बोलणार. गाडी जुंपली. नवरदेव पाटावर ताटकळला, उन्हं कलली, तवा महादू आला, संगट चांगुणा. महादूनं बापाच्या नावानं पान वाढलं. चांगुणा सासूच्या पायाशी जाऊन बसली, तिच्या डोळ्याला पाणी नव्हतं. मी मातर रडले, खोटं कशाला बोलू.

जमीन मिळाली का म्हणता? नाय मिळाली, कागद धर्माचा तो धर्माचाच. पण महादूला मांडवात बसायला जागा झाली, पाटलाचा पुतण्या म्हणून माणसं रामराम करायला लागली. मला त्या घरानं पुन्यांदा हाक मारायला बोलावलं नाय. आता महादू प्लेगात गेला, ल्योक नव्हता, पोरी दिल्या घरी गेल्या. म्हणून पाटील आज तुमाला बिनघोर सांगतो, आज्याला एकच ल्योक. उठणारा राहिला नाय हे त्याला ठावं हाय. माझ्या सुनांना नावं शिकायला नकोत, भट म्हणतो तेवढं बास म्हणतात. आन् तुमी म्हणता इतियास म्हंजे मागचं लिवून ठेवायचं, पुढल्यांना कळावं. बरं हाय. पण ओटीवरचा सांगंल तेवढंच लिवलं, तर पुढल्यांना ओटीवरचंच कळंल ना?

लिवा. आज्याला दोन ल्योक होते, थोरला राघो. लिवलं? वाचून दावा. आता पुन्यांदा वाचा. मला अक्षर येत नाय, उद्या गुरवाकडनं बी वाचून घेईन. तुमच्यावर इस्वास नाय असं नाय. नायच म्हणा ना. पण तुमच्याबगार आता हाय कोण?

आज तुमी त्याच्याच ओटीवर निजणार. तो तंबाखू देईल, गोड बोलंल, आन् इचारील म्हातारी काय बोलली. सांगा, कांडणाची गाणी बोलली. देव तुमाला लांब आयुष्य देवो, आन् तुमचं नाव घेतल्यावर उठणारं कोणीतरी मागं राहो. आन् ते कागद उशाखाली घेऊन निजा, मास्तर.