दस्तगीर कसा हुता

—आन त्यात काय चुकीचं मागतीस तू, मालन? निजामाचं राज गेलं, फौज आली, आन चावडीवाल्यांनी तुझ्या घराला टाळं लावलं, रझाकाराचं घर म्हणून. तुझं म्हणणं एवढंच, की म्या, शिवक्कानं, पंचांम्होरं यावं आन सांगावं — तुझा नवरा दस्तगीर रझाकार नव्हता. नव्हताच की. पिंजारी माणूस. कापूस पिंजायचा, गाद्या भरायचा. त्याच्या हातात बंदूक कुणी बघितली?

म्या न्हाय सांगायचं तर कुणी? रझाकारांनी शेजारचं गाव जाळलं तवा माझी पोरं आधीच हद्दीपल्याड गेलती. घरात म्या आन सून उमा, दिवस भरलेली. शांतलिंगाच्या दारात गेले — आपला भाऊबंद, दोन गाड्या — त्यानं ज्वारीची पोती भरली, म्हणला, जागा न्हाय काकू. तुमच्या दारात तर म्या आले बी नव्हते. तरी तुझ्या नवऱ्यानं गाडी जुपली. उमाला हिसके बसू नयेत म्हणून नवी गादी हातरली. तू आमाला डोक्यावरनं घ्यायला तुझ्या चादरी दिल्यास. म्या कपाळाची इभूत पुसली, गळ्यातलं लिंग कमरंला खोचलं. मुरुम गावाच्या पुढं वढ्यात चौघा रझाकारांनी अडवलं — कोण हाय गाडीत? तर ह्यो म्हणला, माझी अम्मा हाय, आन बहीण, बाळंतपणाला न्यायलोय. अम्मा म्हणला मला. सोडलं त्यांनी.

दुपारी हद्दीपल्याडच्या छावणीवर पोचलो. दारात एक चष्मेवाला, मास्तरावाणी. म्हणला, बायांना घेतो, ह्याला न्हाय, मुसलमान हाय. दस्तगीर म्हणला, साहेब, ह्यांना आणलं म्हणून माघारी गेल्यावर रझाकार मला सोडायचे न्हाईत, दोन दिस ऱ्हाऊ द्या. आता त्यांचा कायदा त्यांच्यापाशी, म्या बाईमाणूस काय करणार — समद्यांना असंच सांगितलंय म्या. तुला बी तेच सांगणार हुते.

पण तो चष्मेवाला वाईट नव्हता, मालन. त्यानं मला बाजूला घेतलं. म्हणला, आजी, तुमच्या गावचा हाय, माणूस कसा हाय तुमी सांगा. तुमी जामीन ऱ्हात असाल तर घेतो आत. — मागं रांगंत शांतलिंग हुता, त्याची बायको हुती, समदी आपली. माझ्या तोंडाकडं बघत हुती. म्या म्हणलं, त्यांच्यातलाच हाय. बस, तेवढंच. त्यानं कसा हाय ते इचारलं, म्या कुणातला हाय ते सांगितलं.

दस्तगीरनं ऐकलं. गादी उतरवून उमाच्या अंगाखाली दिली, बैलं वळवली. मागं बघितलं का त्यानं? ठावं न्हाय. म्याच बघितलं न्हाय. चवथ्या दिशी वढ्यात घावला म्हणं. कुणी मारलं — त्यांनी असल, फितूर म्हणून. न्हायतर आपल्यांनी, रझाकार म्हणून. त्यादिशी बी रडू आलं न्हाय, आज बी येत न्हाय. दळते, भाकरी थापते, नातवाला न्हाऊ घालते. पूजेला बसले की हात आपले चालत्यात. बाकी आत काय न्हाय.

चावडीवर व्हय — हे बघ, पंचांत शांतलिंगच बसतोय. म्या तोंड उघडलं की तो इचारणार, काकू, छावणीच्या दारात तर तुमी येगळंच बोलला हुता. मग म्या काय सांगू? आन मला ह्याच गावात ऱ्हायाचंय. उमाचं बाळ बी तापलंय दोन दिस. सोमवारी बघू. न्हाय, सोमवारी बी नको. असं बघू नगंस, मालन. काय तरी बोल. शिवी दे.

...ऊठ मग. मागच्या दारानं जा. शांतलिंग ओट्यावर आलाय.