काशिरामच्या पट्ट्या

आजच्या निवृत्ती समारंभाचे अध्यक्ष माननीय उपायुक्त साहेब, व्यासपीठावरील मान्यवर, सत्कारमूर्ती पोलीस निरीक्षक उदयसिंह निंबाळकर, त्यांच्या पत्नी कुमुद, आणि समोर बसलेल्या पोलीस कुटुंबातल्या माणसांनो,

मी मैना घरत. खारघरच्या शाळेत मुख्याध्यापिका होते. कैलासवासी निरीक्षक काशिराम घरत यांची पत्नी. निंबाळकर भाऊजींनी ज्येष्ठतेसाठी जो दावा लावला, त्यातले प्रतिवादी क्रमांक चार म्हणजे माझे यजमान. त्यांच्या बायकोला या माइकसमोर कुणी बोलावलं, असा प्रश्न काहींना पडला असेल. भाऊजींनीच बोलावलं. मी गोड बोलेन असं वचन मात्र दिलेलं नाही.

हे दोघं हवालदार असताना फौजदारकीची खात्याची परीक्षा एकदमच पास झाले. गुण भाऊजींना जास्त. नाशिकला प्रशिक्षणाला निघायच्या आदल्या दिवशी साहेब म्हणाले, निवडणुकीचा बंदोबस्त आहे, दोघांपैकी एकालाच सोडतो. चिठ्ठ्या टाकल्या. थांबायचं आमच्या ह्यांच्या नशिबी आलं. घरी सासरे कॅन्सरने अंथरुणाला खिळलेले. भाऊजी दारात उभे राहिले आणि म्हणाले, "काशी, बॅग भर. बापूंना तुझी नवी वर्दी बघायचीय. माझा बाप ठणठणीत आहे, मी पुढच्या तुकडीत येतो."

बापूंनी वर्दी पाहिली. म्हणाले, "माजा पोर सायब झाला, आता मी मरायला मोकला." महिन्याभरात गेले.

पुढची तुकडी दीड वर्षाने निघाली. ज्येष्ठता धरली प्रशिक्षणाच्या तारखेपासून. हे निरीक्षक झाले, भाऊजी मागे राहिले. भाऊजींनी न्यायाधिकरणात दाद मागितली; यादीत त्यांच्या वर लागलेले सगळे, आमचे हेही, त्यात प्रतिवादी झाले. का मागू नये? हक्क मागणं म्हणजे मैत्री मोडणं, असं कुठल्या कायद्यात लिहिलंय?

तेव्हा आम्ही रोडपालीला एकाच इमारतीत राहत होतो. सुरुवातीला थट्टाच चालायची. भाऊजी आमच्या खुर्चीत बसून मला सांगायचे, "वैनी, प्रतिवादी क्रमांक चारला म्हणावं चहा थंड होतोय." हे आतून ओरडायचे, "अर्जदाराला म्हणावं, युक्तिवाद पुढच्या तारखेला!"

मग वकिलांनी ह्यांच्या नावाचं प्रतिज्ञापत्र तयार केलं. त्यात एक वाक्य होतं: अर्जदार प्रशिक्षणाला न जाता स्वेच्छेने मागे राहिले. ह्यांनी सही केली. वाक्य खोटं नव्हतं. खोटं असतं तर भाऊजींनी शिव्या घातल्या असत्या आणि विषय मिटला असता. खरं होतं, म्हणूनच लागलं. ते जिन्यातून खाली मान घालून जायला लागले. कुमुद आणि मी भाजीच्या वाट्या देतघेत राहिलो. पुरुषांचं बोलणं बंद.

ह्यांनी भाऊजींकडे जायचं किती वेळा ठरवलं! शर्ट घालायचे, चपला पायात सरकवायचे आणि म्हणायचे, "निकाल लागू दे, मग जातो. आत्ता गेलो तर त्याला वाटेल तडजोडीला आलो." निकालाच्या आधीच ह्यांचं हृदय थांबलं. सरकारी इतमामाने निरोप दिला. सलामीच्या पथकाला हुकूम द्यायला त्या दिवशी कोण उभं होतं? अर्जदार. पहिला शब्द नीट आला. दुसऱ्याला आवाज चिरकला. हुकूम कसाबसा पुरा केला आणि कुणाला न भेटता निघून गेले.

निकाल मागच्या महिन्यात लागला. भाऊजी जिंकले. निरीक्षकपदाला नऊ वर्षांपूर्वीचा मानीव दिनांक मिळाला. म्हणजे त्या दिवसापासून ते निरीक्षक होते असं मानायचं. साहेब, सरकारने मानलं, मीही मानते. पण ती नऊ वर्षं ते त्या खुर्चीत बसले नाहीत आणि त्यातली बरीच वर्षं माझ्या घरच्या खुर्चीतही बसले नाहीत. त्या वर्षांना कुठला मानीव दिनांक देणार?

आदेश हातात आला त्या संध्याकाळी ते माझ्या दाराशी आले. आत या म्हटलं तरी उंबऱ्यावरच थांबले. "वैनी, काशीच्या खांद्यावरच्या पट्ट्या असतील तर द्या. नव्या नको वाटतात." मी कपाटातून काढून दिल्या. आज त्यांच्या खांद्यावर आहेत त्या माझ्या यजमानांच्या. ब्रासो लावून तारे मीच चमकवलेत. डावीकडचा एक तारा जरा तिरका आहे. तो ह्यांच्यापासूनच तसा आहे, मी सरळ केला नाही.

भाऊजी, आज वर्दी उतरेल. त्या पट्ट्या कुमुदच्या हाती पाठवू नका. स्वतः घेऊन या. दारावर अजून 'काशिराम घरत, पोलीस निरीक्षक' हीच पाटी आहे. तिच्याखालची बेल वाजवा आणि आत येऊन बसा. आता आतून ओरडायला प्रतिवादी क्रमांक चार उरलेले नाहीत. म्हणून मीच सांगते, चहा थंड होतोय.

आयोजकांनी मला बोलू दिलं, आपण सगळ्यांनी निमूट ऐकलंत, त्याबद्दल आभार. शुभप्रसंगी कोर्टकचेरी काढली, कुणाला खुपलं असेल तर मोठ्या मनाने सोडून द्या. नमस्कार.