माझे बाबा हरवले आहेत

"चिकटवण्याआधी वाच तरी!" असं नवऱ्यानं, गिरीशनं बजावलं होतं, पण आरोहीनं ते कानाआड केलं. कॅलिफोर्नियात, त्यांच्या फ्रीमाँटमध्ये कुणाचे तरी वडील फिरायला जाऊन हरवले होते. मराठी मंडळाचा निरोप होता, की हा फोटो आणि मजकूर सगळ्यांनी संध्याकाळी सहाच्या ठोक्याला ऑर्कुटवर आपापल्या पानावर टाका. तिनं टाकला, आणि रात्रभर काळजीनं तिचा डोळा लागला नाही. सकाळी लेकीला लस द्यायला ती दवाखान्यात बसली होती, तेव्हा मागून मराठी ऐकू आलं.

"वीणा, अवधूतचे बाबा सापडले का गं?"

"सापडले, मावशी! टाउनहाउसं सगळी सारखी. दुसऱ्याच्याच दाराला किल्ली लावत होते. त्या घरातल्या गुजराती काकूंनी आत घेऊन चहा दिला. त्यांच्या सुनेनं फोटो ओळखला."

"सुटलो बाई! मग हसतेस काय?"

"अवधूतनं घाईत लिहिलं, 'माझे बाबा हरवले आहेत.' सगळ्यांनी तस्संच कॉपी केलं! आमच्या ह्यांच्या पानावर ते वाचून नणंद नागपुरात स्कूटर काढून थेट सासऱ्यांकडे!"

"अगंबाई! आणि ते?"

"गॅलरीत दाढी करत होते. म्हणाले, 'बरं झालं हरवलो. दिवाळीनंतर आज आलीस.'"

आरोहीचा जीव भांड्यात पडला. ती हसली, आपल्याही पानावर तेच वाक्य आहे हे आठवून हसता हसता थांबली, आणि पर्समधलं भारतात फोन लावायचं कॉलिंग कार्ड शोधू लागली.

सांगलीला तिच्या बाबांनी पहिल्याच रिंगला फोन उचलला.

तुम्हीही आज आपल्या बाबांना एक फोन लावून बघा.