ज्याने मारला, त्याने आणायचा

हसू नका, आधी आमच्या दत्तूचं ऐका. स्वातंत्र्याला दहा-बारा वर्षं झालेली. कोपरीच्या मिठागरापाशी आम्ही फुटबॉल खेळायचो. बॉल एकच, खाडीत गेला की खेळ बंद. म्हणून ज्याने बाहेर मारला, त्यानेच धावत जाऊन आणायचा.

पुढे आम्ही दोघं देशाच्या ज्युनियर टीममध्ये लागलो. मी गोलकीपर. आंतरराष्ट्रीय स्पर्धेच्या पात्रता गटातली शेवटची मॅच, नुसती बरोबरी पुरत होती. शेवटच्या मिनिटाला दत्तूने बॉल आमच्याच गोलमागे बाहेर काढला आणि सवयीने त्याच्यामागे धावला. समोरच्यांनी दुसरा बॉल घेऊन कॉर्नर मारला. दत्तूने मोकळ्या सोडलेल्या त्यांच्या गड्याने डोक्याने गोल केला. संपलो आम्ही.

"कुठे गेलेलास रे?" मी चिखलात बसूनच विचारलं.

दत्तू धापा टाकत होता. "बॉल आणायला. सापडला."